पाणबुडीवरील नाविकांचे युद्धजीवन

युद्धकाळात पाणबुडीवर सेवा करणाऱ्या नाविकांची राहणी, त्यांचे कामकाज, त्यांच्यावर ओढवणारी संकटे आणि त्या परिस्थितीत घडणारी त्यांची मनोवस्था यांचा विचार नौदलाच्या इतर शाखांपासून वेगळा करावा लागतो. पृष्ठभागावरील युद्धनौकेला दगाफटका झाला, तर नाविकांना होड्यांचा, तराफ्यांचा व पोहण्याचा आधार असतो. पाण्याखालील पाणबुडी फुटल्यास तिच्यातील बहुधा सर्वच माणसे एकदम मृत्युमुखी पडतात. त्यामुळे पाणबुडीवरील जीवनात शिकारी आणि सावज या दोन्ही भूमिका एकाच दिवशी वाट्यास येत. दुसऱ्या महायुद्धात (१९३९–४५) अटलांटिक महासागरात लढलेल्या जर्मन पाणबुड्यांच्या (‘यू-बोटीं’च्या) इतिहासात या जीवनाची सर्व अंगे ठळकपणे दिसून येतात. म्हणून येथे प्रामुख्याने त्यांचाच विचार केला असून इतर देशांच्या नाविकांचे अनुभव तुलनेसाठी दिले आहेत.

रचना व जागेची टंचाई : त्या काळची पाणबुडी ही खऱ्या अर्थाने पाण्याखाली राहणारी नौका नव्हती. ती बहुतेक वेळ पृष्ठभागावर डीझेल एंजिनांच्या साहाय्याने चाले आणि हल्ल्यासाठी किंवा लपण्यासाठी तेवढी बुडी मारी. पाण्याखाली ती विद्युत् घटमालांवर चालणाऱ्या चलित्रांवर अवलंबून असे. जर्मनीने सर्वाधिक संख्येने बांधलेल्या ‘सात-सी’ या प्रकारच्या पाणबुडीची लांबी ६७ मी. असली, तरी पाण्याचा दाब सोसणाऱ्या आतील पोलादी कवचाचा व्यास जास्तीत जास्त ४·७ मी. होता. पृष्ठभागावर तिचा वेग ताशी सु. ३३ किमी., तर पाण्याखाली ताशी सु. १४ किमी. असे. ताशी सात-साडेसात किमी. या मंद गतीने चालल्यास पाण्याखाली ती सु. १५० किमी. अंतर कापू शके. त्यानंतर घटमाला पुन्हा प्रभारित करण्यासाठी तिला वर यावेच लागे. एंजिने, घटमाला, १४ पाणतीर, इंधन व यंत्रसामग्री यांनी व्यापलेल्या या नळकांड्यात ४४ ते ५२ माणसे आठवडेच्या आठवडे राहत.

मोहिमेच्या आरंभी राखीव पाणतीर पुढील दालनात ठेवलेले असत. ते नळ्यांत भरले जाईपर्यंत तेथील नाविकांना ताठ उभे राहण्याइतकीही जागा नसे. झोपण्याच्या फळ्या माणसांपेक्षा कमी असल्याने एकजण पहाऱ्यावरून परतला, की पहाऱ्यावर जाणाऱ्याच्या उबदार अंथरुणात तो शिरे. पाणबुडीत दोन शौचकूप असत. त्यांपैकी एकात निघताना शिधा भरलेला असल्याने अर्धीअधिक मोहीम संपेपर्यंत सर्वांना एकाच शौचकूपावर भागवावे लागे. तोही खोल पाण्यात वापरता येत नसे, कारण बाहेरील दाबापुढे त्यातील पाणी बाहेर टाकले जात नसे.

दिनचर्या, अन्न व हवा : गोडे पाणी पिण्यासाठी व स्वयंपाकासाठी राखलेले असे. अंघोळ व दाढी यांचा प्रश्नच उद्‍भवत नसे. अंगावरील खारटपणा व दुर्गंधी झाकण्यासाठी कोलोनचे सुगंधी पाणी वापरीत. डीझेलचा धूर, घाम, ओले कपडे, कुजणारी भाजी आणि पाणबुडीच्या तळाशी साचलेले तेलकट पाणी यांचा एकत्रित वास अन्नालाही लागे. पहिले काही दिवस ताजे मांस, अंडी, फळे मिळत. छताला टांगलेले मांस आणि पावांच्या जाळ्या यांमधून वाकून वाट काढावी लागे. दमट हवेमुळे पावांवर लवकरच पांढरी लवदार बुरशी चढे. नाविक अशा पावांना थट्टेने ‘ससे’ म्हणत आणि वरचा थर कापून आतला भाग खात. पुढे डबाबंद अन्नावरच निर्वाह चाले.

पाणबुडी पृष्ठभागावर असताना मनोऱ्यावर चार टेहळे उभे असत. प्रत्येकाने क्षितिजाचा एकचतुर्थांश भाग दुर्बिणीतून न्याहाळावयाचा आणि शेजाऱ्याच्या भागाकडे पाहावयाचे नाही, असा दंडक होता. हिवाळी अटलांटिकमध्ये लाटा मनोऱ्यावरून जात, तेव्हा टेहळे पट्ट्यांनी स्वतःला कठड्याशी जखडून घेत. चार तासांचा असा पहारा संपवून खाली आलेल्याला कपडे वाळवावयास जागा नसे. विमान दिसताच मनोऱ्यावरील सर्वांनी शिडीवरून खाली उड्या टाकावयाच्या आणि सु. अर्ध्या मिनिटात पाणबुडी पाण्याखाली गेली पाहिजे, याचा सराव पुनःपुन्हा केला जाई. झाकण लावण्यास लागणाऱ्या सेकंदांवर सर्वांचे प्राण अवलंबून असत.

पाण्याखाली दीर्घकाळ राहावे लागल्यास हवेतील ऑक्सिजन कमी होऊन कार्बन डाय-ऑक्साइड वाढे. डोके दुखणे, धाप लागणे, विचारशक्ती मंदावणे ही त्याची लक्षणे होत. अशा वेळी काम नसलेल्यांना निजून राहण्याची आज्ञा असे, कारण झोपलेला माणूस कमी हवा वापरतो. प्रत्येकाला कार्बन डाय-ऑक्साइड शोषून घेणाऱ्या रसायनाची डबी व तिला जोडलेली नळी दिली जाई आणि तिच्यातून श्वासोच्छ्‌वास करावा लागे. याहून भयंकर धोका क्लोरीन वायूचा होता. समुद्राचे पाणी घटमालांतील अम्लात मिसळल्यास हा विषारी वायू तयार होतो. १४ एप्रिल १९४५ रोजी स्कॉटलंडच्या किनाऱ्यानजीक ‘यू-१२०६’ या पाणबुडीत शौचकूपाच्या यंत्रणेत बिघाड होऊन पाणी आत शिरले व घटमालांपर्यंत पोहोचले. क्लोरीनमुळे तिला वर येणे भाग पडले, तेथे विमानांनी तिला गाठले आणि अखेरीस नाविकांनी ती स्वतःच बुडविली. पाणबुडीवर कोणतीही चूक क्षुल्लक नसते, हे या घटनेवरून स्पष्ट होते.

पाठलाग व डेप्थ चार्जचा मारा : जहाजांच्या तांड्यावर रात्री पृष्ठभागावरून हल्ला करावयाचा आणि मग बुडी मारून निसटावयाचे, ही जर्मन पाणबुड्यांची रूढ पद्धती होती. हल्ल्यानंतर तांड्याच्या रक्षक नौका ॲस्डिक या ध्वनितरंगांवर चालणाऱ्या उपकरणाने पाणबुडीचा शोध घेत. तिच्या कवचावर आपटणाऱ्या या तरंगांचा टणत्कार आतील सर्वांना उघड्या कानांनी ऐकू येई. पाठोपाठ रक्षक नौकेच्या पंख्याचा वाढता घरघराट येई आणि त्यानंतर डेप्थ चार्ज पाण्यात पडत. डेप्थ चार्ज हे ठरविलेल्या खोलीवर पाण्याच्या दाबाने फुटणारे पिंप असून ब्रिटिश नौदलाच्या प्रचलित पिंपात सु. १३० किग्रॅ. स्फोटक द्रव्य असे. ते कवचापासून काही मीटरांवर फुटल्यास कवच भेदले जाई. त्याहून दूर फुटल्यास दिवे फुटणे, झडपा व नळ गळू लागणे, उपकरणे निखळणे असे प्रकार घडत.

या काळात पाणबुडीत पूर्ण शांतता पाळली जाई. पंखे, पंप व अनावश्यक यंत्रे बंद ठेवीत. नाविक पादत्राणे काढून वावरत, आज्ञा कुजबुजत दिल्या जात. हातून पडलेले एखादे हत्यारही शत्रूच्या जलध्वनिग्राहकाला ऐकू जाण्याची भीती असे. जलध्वनिग्राहकावरील नाविक हाच अशा वेळी सर्वांचा डोळा होई. पिंप पाण्यात पडल्याचे त्याला प्रथम कळे. नंतरचे काही सेकंद इतरांना केवळ वाट पाहण्याखेरीज काही करता येत नसे. बचावाचा एक मार्ग म्हणजे अधिक खोल जाणे. १०० मी. खोलीवर कवचाच्या प्रत्येक चौ. सेंमी.वर सु. १० किग्रॅ. दाब पडतो आणि जर्मन पाणबुड्या प्रसंगी २०० मी.च्याही खाली जात. तेथे कवचाची सांधेजोड करकरू लागे. दुसरा मार्ग म्हणजे पाण्यात बुडबुड्यांचा ढग निर्माण करणारे रसायन सोडून ॲस्डिकला चकविणे. तरीही काही वेळा पाठलाग दीर्घकाळ चाले. २९ फेब्रुवारी १९४४ रोजी ॲझोर्स बेटांच्या उत्तरेस ब्रिटिश फ्रिगेटांनी ‘यू-३५८’ हिला हेरले व सु. ३८ तास तिचा पिच्छा सोडला नाही. त्या अवधीत या पाणबुडीने ‘गूल्ड’ ही फ्रिगेट बुडविली. मात्र हवा व विद्युत् शक्ती संपल्याने १ मार्च रोजी तिला वर यावे लागले आणि तोफांच्या माऱ्यात ती नष्ट झाली. तिच्यावरील एकच नाविक वाचला.

सुटकेची शक्यता : बुडालेल्या पाणबुडीतून बाहेर पडण्यासाठी श्वसनसाधने दिलेली असत, तथापि त्यांचा उपयोग होण्याचे प्रसंग फार थोडे. ६ डिसेंबर १९४१ रोजी ब्रिटिश पाणबुडी ‘पर्सिअस’ ग्रीसच्या केफालोनिया बेटानजीक पाणसुरुंगावर आदळून तळाशी गेली. तिच्यावरील ६१ जणांपैकी जॉन केप्स हा एकटाच सु. ५२ मी. खोलीवरून श्वसनसाधनाच्या आधारे वर आला व पोहत किनाऱ्यास लागला. बेटावरील रहिवाशांनी त्याला दीड वर्ष लपवून ठेवले. एवढ्या खोलीवरून कोणी जिवंत येऊ शकेल, यावर अनेकांचा विश्वास बसला नाही. केप्सच्या मृत्यूनंतर १९९७ मध्ये पाणबुड्यांनी त्या नौकेचे अवशेष शोधले, तेव्हा सुटकेचे झाकण उघडे आढळून त्याच्या कथनास पुष्टी मिळाली. २५ ऑक्टोबर १९४४ रोजी तैवानच्या सामुद्रधुनीत ‘टँग’ ही अमेरिकन पाणबुडी तिच्याच अखेरच्या पाणतीराने वळसा घेऊन उलट तिच्यावर आदळल्यामुळे बुडाली. तिच्यावरील ७८ जण मृत्यू पावले व नऊ वाचले. वाचलेल्यांत तळाशी गेलेल्या नौकेतून श्वसनसाधने लावून बाहेर पडलेले काही नाविक होते.

मनोवस्था व शिस्त : पाणबुडीवरील नाविक बहुधा विशी-पंचविशीतले असत. अनेक नायकांनीही तिशी ओलांडलेली नसे. सर्वांचे अन्न एकच, धोका एकच आणि जागा एकच असल्याने अधिकारी व नाविक यांच्यातील अंतर इतर युद्धनौकांपेक्षा कमी असे. परिदर्शकातून बाहेरचे जग फक्त नायकच पाहू शके. इतरांना लढाईचे ज्ञान केवळ आवाजांवरून होई. साहजिकच नायकाचा चेहरा व त्याच्या आवाजातील स्थैर्य यांवर सर्वांचे मनोधैर्य टिकून राही. हे ओझे सर्वांनाच पेलले असे नाही. २४ ऑक्टोबर १९४३ रोजी डेप्थ चार्जचा मारा चालू असता ‘यू-५०५’ च्या नायकाने नियंत्रणकक्षात स्वतःवर गोळी झाडून घेतली. दुय्यम अधिकाऱ्याने सूत्रे हाती घेऊन ती पाणबुडी सुखरूप परत आणली. हीच पाणबुडी ४ जून १९४४ रोजी अमेरिकन नौदलाने पकडली आणि पुढे ती शिकागो येथील संग्रहालयात ठेवण्यात आली.

नाझी राजवटीची छायाही या बंदिस्त जगावर पडलेली होती. ‘यू-१५४’ चा नायक ऑस्कर कुश याने हिटलरविषयी व युद्धाच्या भवितव्याविषयी सहकाऱ्यांसमोर परखड मते मांडली होती. त्याच्याच हाताखालील अधिकाऱ्याने तक्रार केल्यावरून त्याला देहान्ताची शिक्षा होऊन १२ मे १९४४ रोजी गोळ्या घालण्यात आल्या.

बुडणाऱ्यांची बाजू : पाणबुडीवरील नाविकांच्या हालांचा विचार करताना त्यांच्या पाणतीरांना बळी पडलेल्यांचा विसर पडता कामा नये. बळींमध्ये बहुसंख्य व्यापारी जहाजांवरील निःशस्त्र खलाशी होते. केवळ ब्रिटिश व्यापारी नौदलातील ३०,००० हून अधिक खलाशी या युद्धात मरण पावले. त्यांत कोकण, गोवा, बंगाल व सिल्हेट या भागांतून भरती झालेल्या हिंदी खलाशांचाही मोठा भरणा होता. १७ सप्टेंबर १९४० च्या रात्री ‘यू-४८’ ने इंग्लंडहून कॅनडाकडे निघालेले ‘सिटी ऑफ बनारस’ हे जहाज बुडविले. बाँबहल्ल्यांपासून सुरक्षित ठिकाणी धाडण्यात येत असलेल्या ९० मुलांपैकी ७७ मुले आणि जहाजावरील अनेक हिंदी खलाशी त्यात दगावले. सहा मुलांसह ४६ जणांची एक होडी आठ दिवस समुद्रात भरकटत राहिली. तिच्यातील बहुसंख्य माणसे हिंदी खलाशी होती. विमानाने तिचा ठाव घेतल्यावर विनाशिकेने त्यांना वाचविले.

बुडणाऱ्यांना वाचवावे की नाही, हा पाणबुडीच्या नायकापुढील सर्वांत बिकट नैतिक प्रश्न होता. १२ सप्टेंबर १९४२ रोजी ‘यू-१५६’ ने दक्षिण अटलांटिकमध्ये ‘लकोनिया’ हे ब्रिटिश जहाज बुडविले. त्यावर ब्रिटिश सैनिक व नागरिक यांच्याखेरीज सु. १,८०० इटालियन युद्धकैदी होते. पाण्यातील आकांत ऐकून नायक व्हेर्नर हार्टेनश्टाइन याने बचावकार्य आरंभिले, उघड इंग्रजीत बिनतारी संदेश पाठवून शत्रूच्याही जहाजांना मदतीस बोलाविले आणि डेकवर रेड क्रॉसचे निशाण पसरले. असे असूनही १६ सप्टेंबर रोजी अमेरिकन विमानाने तिच्यावर बाँब टाकले. वाचविलेल्या लोकांना पुन्हा होड्यांत सोडून पाणबुडीला बुडी मारावी लागली. या आपत्तीत सु. १,६०० लोक मरण पावले. यानंतर जर्मन पाणबुडी दलाचा सेनापती कार्ल डनिट्स (१८९१–१९८०) याने बुडालेल्या जहाजांवरील लोकांना वाचविण्यास मनाई केली. याच्या उलट टोकाचे उदाहरण ‘यू-८५२’ चे होय. १३ मार्च १९४४ रोजी ‘पेलेअस’ हे जहाज बुडविल्यावर तिच्या नायकाने तराफ्यांवरील लोकांवर गोळीबार करविला. या युद्धगुन्ह्याबद्दल त्याला व त्याच्या दोन सहकाऱ्यांना नोव्हेंबर १९४५ मध्ये गोळ्या घालण्यात आल्या. न्यूरेंबर्ग खटल्यात डनिट्सला १० वर्षांची शिक्षा झाली. तथापि पूर्वसूचनेशिवाय जहाजे बुडविण्याच्या आरोपाचा विचार शिक्षा ठरविताना केला गेला नाही. ब्रिटननेही स्कॅगरॅकमध्ये आणि अमेरिकेनेही पॅसिफिक महासागरात हेच धोरण अवलंबिले होते, हे त्या वेळी पुढे आले.

पारडे फिरले : १९४० च्या उन्हाळ्यात व शरद ऋतूत जर्मन नाविकांना यश सहज मिळत होते. फ्रान्समधील लॉरीआं, ब्रेस्त, सँ नाझेर या तळांवर परतणाऱ्या पाणबुड्यांचे फुलांनी व वाद्यवृंदांनी स्वागत होई. १४ ऑक्टोबर १९३९ रोजी स्कापा फ्लो या ब्रिटिश नौदल तळात शिरून ‘रॉयल ओक’ ही युद्धनौका बुडविणारा ग्युंटर प्रीन (१९०८–४१) जर्मनीत घरोघर परिचित झाला. मार्च १९४१ मध्ये प्रीन आपल्या सर्व सहकाऱ्यांसह नाहीसा झाला. पुढे दूरपल्ल्याची विमाने, लहान तरंगलांबीचे रडार, बिनतारी संदेशांची दिशा हेरणारी यंत्रे व अधिक रक्षक नौका यांमुळे दोस्तांची बाजू भक्कम झाली. ३० ऑक्टोबर १९४२ रोजी भूमध्य समुद्रात बुडत असलेल्या ‘यू-५५९’ मध्ये शिरून ‘पेटार्ड’ या विनाशिकेवरील नाविकांनी गुप्तलिपीची पुस्तके मिळविली. त्यांतील टोनी फॅसन व कॉलिन ग्रेझिअर हे दोघे पाणबुडीबरोबरच बुडाले. या पुस्तकांच्या साहाय्याने जर्मन संदेश पुन्हा वाचता येऊ लागले. पाणबुड्यांना तळावरून दररोज संदेश येत आणि त्या उत्तरे पाठवीत. हीच संदेशयंत्रणा आपला घात करीत आहे, याची त्यांच्यावरील नाविकांना कल्पनाही नव्हती. हे रहस्य १९७४ पर्यंत सर्वसामान्य जगाला अज्ञात राहिले.

मे १९४३ या एका महिन्यात ४१ जर्मन पाणबुड्या नष्ट झाल्या. त्यांपैकी एकीवर डनिट्सचा धाकटा मुलगा होता. २४ मे रोजी डनिट्सने उत्तर अटलांटिकमधून पाणबुड्या माघारी घेतल्या. यानंतर मोहिमेवर निघणाऱ्या नाविकाला परत येण्याची शाश्वती उरली नाही, तरी पाणबुड्या पाठविणे थांबले नाही. १९४४ पासून पाण्याखाली राहूनच डीझेल एंजिने चालविता यावीत, म्हणून हवा घेणारी नळी (स्नॉर्केल) बसविण्यात आली. तिने विमानांपासून काहीसे संरक्षण मिळाले. मात्र लाटेने नळीचे तोंड बंद झाले, की एंजिने पाणबुडीतीलच हवा ओढून घेत आणि नाविकांच्या कानांत असह्य कळा येत. जर्मन पाणबुड्यांवर सेवा केलेल्या सु. ४०,००० माणसांपैकी २८,००० ते ३०,००० मरण पावली व सु. ५,००० कैदी झाली. म्हणजे दर चारांपैकी जवळजवळ तिघांना मृत्यूने गाठले. अमेरिकन पाणबुडी दलाने ५२ पाणबुड्या व सु. ३,५०० माणसे गमावली. ब्रिटिश दलातील मृतांची संख्याही ३,००० हून अधिक होती.

हिंदी महासागर व भारत : १९४३ पासून जर्मन पाणबुड्या मलायातील पिनांग या जपानी तळावरून हिंदी महासागरात व अरबी समुद्रात वावरू लागल्या. मार्च १९४३ मध्ये गोव्यातील मार्मागोवा बंदरात आश्रय घेतलेल्या ‘एरेनफेल्स’ या जर्मन जहाजावर कलकत्त्याहून गुप्तपणे आलेल्या ब्रिटिश स्वयंसेवकांनी छापा घातला. हे जहाज पाणबुड्यांना बातम्या पुरविते, असा ब्रिटिशांना संशय होता. १२ फेब्रुवारी १९४४ रोजी मालदीवनजीक ‘आय-२७’ या जपानी पाणबुडीने ‘खेदिव इस्माइल’ हे सैनिकवाहू जहाज बुडविले. त्यात सु. १,३०० जण मरण पावले. पाणबुडी वाचलेल्यांच्या खालीच दडून होती, म्हणून पाण्यात माणसे पोहत असतानाच विनाशिकांना डेप्थ चार्ज टाकावे लागले. त्या विनाशिकांपैकी एक ‘पेटार्ड’ हीच होती.

भारतीय नौदलात पहिली पाणबुडी ‘कलवरी’ ८ डिसेंबर १९६७ रोजी दाखल झाली. १९७१ च्या भारत-पाकिस्तान युद्धात पाणबुडीयुद्धाचे दोन्ही परिणाम दिसून आले. ३–४ डिसेंबरच्या रात्री विशाखापटनम्‌जवळ ‘गाझी’ ही पाकिस्तानी पाणबुडी तिच्यावरील सर्व ९३ जणांसह बुडाली. ९ डिसेंबर रोजी पाकिस्तानच्या ‘हंगोर’ या पाणबुडीने दीवच्या किनाऱ्यानजीक, मुंबईहून निघालेल्या ‘खुकरी’ या भारतीय फ्रिगेटवर पाणतीर सोडला. तीत कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला यांच्यासह १८ अधिकारी व १७६ नाविक मृत्युमुखी पडले. इतरांच्या सुटकेची व्यवस्था पाहत मुल्ला नौकेवरच राहिले. त्यांना मरणोत्तर महावीरचक्र देण्यात आले. दीव येथे या नाविकांचे स्मारक आहे.

युद्धोत्तर स्मृती : मे १९४५ मध्ये शरणागतीच्या वेळी दोनशेहून अधिक जर्मन पाणबुड्या त्यांच्या नाविकांनीच बुडविल्या. १९४१ मध्ये ‘यू-९६’ वरून प्रवास केलेला युद्धवार्ताहर लोथार-ग्युंटर बुखहाइम याची डास बोट (१९७३) ही कादंबरी व तीवरील चित्रपट (१९८१) यांमुळे हे जीवन जगभरातील वाचक-प्रेक्षकांस परिचित झाले. कीलजवळ मल्टनॉर्ट येथील स्मारकाच्या भिंतींवर मृत पाणबुडी नाविकांची नावे त्यांच्या पाणबुड्यांनुसार कोरलेली आहेत. लंडनमध्ये टॉवर हिल येथे व्यापारी नौदलाचे स्मारक असून समुद्रात नाहीशा झालेल्या खलाशांची नावे त्यांच्या जहाजांनुसार तेथे लावलेली आहेत. मुंबई येथील खलाशी-स्मारकात अविभक्त हिंदुस्थानातील खलाशांचे स्मरण केले आहे. समुद्रात मृत्यू पावलेल्यांना थडगे नसते. त्यामुळे मारणारे व मरणारे या दोहोंच्याही बाबतीत भिंतीवरील नाव हीच त्यांची एकमेव खूण उरलेली आहे.